कूस पालटायची विद्या

आमच्या सासूबाईंना कूस पालटता येत असे. झोपेत सगळेच पालटतात, तसं नव्हे. उन्हाळ्याच्या दुपारी त्या फरशीवर डाव्या अंगाने निजत, मग उजव्या अंगावर वळत, आणि तेवढ्या वळण्यात या जगातून दुसऱ्या जगात जात. त्या जगातही नागपूरच होतं, प्रताप नगरच होतं, आमचंच घर होतं. फरक एवढाच की तिथे माझे सासरे जिवंत होते.

हे असं एका दमात सांगितलं की ऐकणारा आधी माझ्याकडे बघतो आणि मग माझ्या मुलांकडे, म्हणजे हिला दवाखान्यात नेता की नाही असं विचारल्यासारखं. बघू दे बापडा. या वयात मी कोणाची भीड धरणार आहे? जे पाहिलं ते सांगते. पटलं तर ठेवा, नाही पटलं तर सोडून द्या.

मी लग्न होऊन वर्ध्याहून नागपुरात आले तेव्हा सत्तरचं दशक नुकतं लागलं होतं. प्रताप नगर नावालाच नगर होतं. एक घर इथे, दुसरं हाक मारली तर ऐकू येईल न येईल अशा अंतरावर, आणि मधे काळी माती. पावसाळ्यात चप्पल त्या मातीत रुतायची, ती काढायला वाकलं की दुसरी रुतायची. बर्डीवरून रिक्षा केली तर रिक्षावाला डांबरी रस्ता संपतो तिथेच ब्रेक मारून म्हणायचा, “बस भाभी, आगे नहीं.” पुढचं सामान डोक्यावर. घर लहान होतं, दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि मागे अंगण, पण सासऱ्यांनी ते फार हौसेने बांधलेलं. मधल्या खोलीत त्यांनी मुद्दाम शहाबादी फरशी निवडून निवडून बसवली होती. वास्तुशांत झाली आणि त्याच उन्हाळ्यात ते गेले.

ते कसे गेले हे सांगायलाच हवं, कारण पुढचं सगळं त्यावर आहे. माझ्या नवऱ्यासाठी उमरेडची एक मुलगी बघितली होती. सासूबाईंच्या माहेरच्या नात्यातली, त्यांच्या मनात भरलेली. बोलणी पक्की करायला सासरे भर मे महिन्यात दुपारच्या एसटीने उमरेडला गेले. गाडी सुटतच होती, धावत जाऊन पकडली म्हणे. परत आले ते लू लागूनच. अंग तव्यासारखं तापलं आणि दुसऱ्या दिवशी संपलं. मुलीकडच्यांनी अपशकुन मानला, वर्षभर थांबायलाही नाही म्हटलं. ती सोयरीक मोडली आणि वर्ष सरल्यावर माझ्या वडिलांकडे निरोप आला. थोडक्यात, सासऱ्यांना गाडी मिळाली म्हणून मी या घरात आले. हा हिशेब मला उशिरा कळला आणि कळला तेव्हा चांगलाच झोंबला.

सासूबाईंची विद्या मला कळली ती एका कुंकवामुळे, पहिल्याच उन्हाळ्यात. तेव्हा आमच्याकडे कूलर नव्हता. मधल्या खोलीच्या खिडकीला वाळ्याची ताटी बांधलेली होती आणि तिच्यावर पाणी मारत राहायचं काम माझं होतं. सकाळी गच्चीवर कुरडया घालायच्या, दुपारी ताटीवर पाणी मारायचं, आणि मधल्या वेळात नागपूरच्या उन्हाला शिव्या द्यायच्या, हा नव्या सुनेचा उन्हाळा. अशीच एका दुपारी तांब्या घेऊन आत गेले. सासूबाई उघड्या फरशीवर निजल्या होत्या. चटई नाही, उशी नाही, गालाखाली तळहात. आणि त्यांच्या कपाळावर ओलं, लालबुंद, बोटाने रेखलेलं कुंकू होतं.

त्या काळात विधवेच्या कपाळावर कुंकू म्हणजे काय, हे आताच्या मुलींना सांगून कळायचं नाही. सासूबाईंचं कपाळ मी कोरंच पाहिलं होतं. सकाळी जेवताना कोरं होतं. तेवढ्यात मागच्या अंगणात नळाला पाणी आलं, खाली ठेवलेल्या रिकाम्या बादलीत धार वाजली, आणि सासूबाईंनी कूस पालटली. उठल्या त्या पदराने कपाळ पुसतच. पुसता पुसता मी दिसले.

“पाह्यलं का वं?” त्या म्हणाल्या.

“हो.”

“कोणाले सांगशील?”

“नाई.”

“मंग बस अशी.”

आणि त्यांनी सांगितलं. ही विद्या त्यांच्या आईची. आईचा एक मुलगा देवीच्या साथीत गेला होता, तो तिकडे वाचला होता. त्याला बघायला ती दर उन्हाळ्यात जायची. विद्या पोटच्या पोरीलाच द्यायची, म्हणून तिने ती सासूबाईंना दिली. करायचं काय, तर भर दुपारी, सावली पायाखाली आली की, ओल्या फडक्याने पुसलेल्या फरशीवर डाव्या कुशीवर निजायचं. कान फरशीला टेकवायचा. जीभ टाळूला. आधी आपल्याच रक्ताचा ठोका ऐकू येतो, तो जाऊ द्यायचा. मग फरशीच्या खालून तिकडच्या घरातले आवाज येऊ लागतात. सासूबाईंना अडकित्त्याचा आवाज यायचा, सासरे सुपारी कातरायचे तो. तो आवाज नीट ओळखू आला की ज्याच्याकडे जायचं त्याचं नाव घ्यायचं आणि कूस पालटायची.

“उखाण्यातलं नाव चालत नाई,” त्या म्हणाल्या. “सुकं घ्या लागते. जल्मभर जे तोंडातून काढलं नाई, ते निसतं तसंच.”

आमच्यात बाई नवऱ्याचं नाव घेते ते सणासुदीला, चार बायांनी अडवून धरल्यावर, आणि तेही यमकात गुंडाळून. सुकं नाव घेणं हे मला जग ओलांडण्यापेक्षाही धीट वाटलं.

“अन् तिकडं तुमी असता ना आधीच?” मी विचारलं. “मंग दोघी होत नाई का?”

“दोघी कशा होतीन? मीच ते. बाकी दिवस ते तिकडं, मी इकडं; दुपारची ते बी निजलीच राहते. इथची निजली की तिथची उठते, तिथची निजली की इथची. एकीनं तं निजाच लागते.”

परत यायला मात्र इकडून आवाज लागायचा. तिकडे फरशीतून तो ऐकू आला की त्या तिथे आडव्या व्हायच्या. म्हणून नळाखाली बादली. आमच्याकडे पाणी चहाच्या वेळेला यायचं, चावी उघडी ठेवून त्या निर्धास्त निजायच्या. पण नागपूरचा नळ तो, त्याच्यावर जग ओलांडणाऱ्याने किती भिस्त ठेवावी! पुढच्याच उन्हाळ्यात एक दिवस पाणी आलंच नाही. सासूबाई दिवेलागणीला उठल्या, पाय सुजलेले, जीभ कोरडी पडलेली. तेव्हापासून बादली सुटली आणि ते काम माझ्याकडे आलं. मी चहा टाकायची, आधण आलं की मधल्या खोलीच्या दारात जाऊन हाक मारायची, “आई, चहा!” त्या कूस पालटायच्या. मी ओला टॉवेल पुढे करायची, त्या कपाळ पुसायच्या, आणि आम्ही दोघी चहा प्यायचो.

मला त्यांनी विद्या शिकवली नाही. मी एकदा विचारलं तर म्हणाल्या, “नोको शिकू. तुह्यावर तशी वेळच न येवो.” नवऱ्याने तर विषयच झटकला होता. आईने त्याला फार आधी सांगून पाहिलं होतं. त्याचं उत्तर ठरलेलं, “मे महिन्यात नागपूरच्या माणसाले काहीबी दिसू शकते.” सरकारी कचेरीतला कारकून माणूस, डोळ्यांनी दिसेल आणि वर शिक्का असेल तेवढंच खरं मानायचा.

तिकडे एसटी चुकली होती. एवढंच झालं होतं. सासरे धावले, गाडी धूळ उडवून गेली, ते परत येऊन ताक पिऊन निजले. मग उमरेडचेच लोक नागपूरला आले, बोलणी झाली आणि ती मुलगी सून होऊन आमच्या घरात आली. आमच्या म्हणजे त्यांच्या. मी तिला ‘तिकडची’ म्हणू लागले. सासूबाई दर दुपारी तिच्या हातचं खाऊन यायच्या आणि चहा पिता पिता माझ्यासमोर तिचे गुण गायच्या.

“तिकडचीची पाटवडी रश्श्यात फुटत नाई वं.”

माझी फुटायची. रोज फुटायची. आधी मी ऐकून घेतलं, मग बेसन जास्त शिजवून पाहिलं, कमी शिजवून पाहिलं, आणि मग एक दिवस म्हटलं, “मंग तिकडंच जेवत जा ना तुमी!” सासूबाई इतक्या हसल्या की ठसका लागला. म्हणाल्या, “जेवतोच तं! अन् वरून इथं येऊन तुहं बी खातो. दोन-दोन सुनांचं खाऊन राहिली मी, मले का कमी आहे?” असं बोलल्यावर रागवायचं तरी कसं?

तरी मी जळायची. जगात सवतीवर जळणाऱ्या बाया पुष्कळ झाल्या असतील, पण जी आपल्या जगातच नाही अशा सवतीवर जळणारी मीच असेन. बरं, ती इकडेही होती. तिचं लग्न होऊन ती नागपुरातच दिली होती, आणि एकदा जरीपटक्याच्या बाजारात चादरी घ्यायला गेलो असताना ती समोरच उभी. मी ओळखणार कशी? सासूबाईंनी ओळखलं. तिच्या गालावरून हात फिरवून म्हणाल्या, “कंबर कशी आहे वं आता? मोहरीच्या तेलानं फरक पडला का?” ती बिचारी बावचळली. तिची कंबर ठणठणीत होती. दुखत होती ती तिकडचीची. तिचा नवरा आमच्याकडे असा बघायला लागला की मी सासूबाईंचा दंड धरून त्यांना पुढच्या दुकानात ओढलं. त्यानंतर हसू आवरेना. दोघी भर बाजारात, तोंडाला पदर लावून, दुकानदार “क्या दिखाऊं बहनजी” म्हणतोय आणि आम्ही हसतोय.

असे ते उन्हाळे होते. आता आठवलं की वाटतं, माझ्या संसारातले सगळ्यात सुखाचे दिवस तेच. तेव्हा मात्र हे कळत नव्हतं, तेव्हा पाटवडीच डोक्यात.

एक गोष्ट सांगायची राहिली. माझी आई मी अगदी लहान असताना गेली. घरात वडील आणि काका. ‘आई’ हा शब्द मला वाचता यायचा, लिहिता यायचा, पण तोंडाने हाक म्हणून वापरायला मिळाला तो या घरात. लग्नानंतर पहिल्यांदा सासूबाईंना “आई” म्हटलं तेव्हा मी ते उगाचच पुन्हा म्हटलं होतं. त्यांनी विचारलं, “का वं?” मी म्हटलं, “काई नाई.” त्या म्हणाल्या, “मंग काई नाईसाठी बी मारत जा हाक.”

मुलं मला पुढे झाली, पण तेव्हा लग्नाला बरीच वर्षं होऊनही आम्हाला मूल नव्हतं. आजूबाजूच्या बाया विचारायच्या, माझ्या वडिलांकडूनही आडून विचारणा व्हायची. सासूबाईंनी एका शब्दाने कधी विचारलं नाही. पण त्या वर्षी उन्हाळा लागताच एका दुपारी त्या उठल्या त्या उजळलेल्या चेहऱ्यानेच. टॉवेल हातात घ्यायच्या आधीच म्हणाल्या, “अवं, तिकडचीले दिवस गेले! पोट बी दिसून राहिलं.” आणि मग माझ्याकडे बघून त्यांनी जीभ चावली. मी चहा गाळायला गेले. ताटीवर पाणी मारताना रडले, कारण तिथे चेहरा ओला झालेला कोणाला कळत नाही.

त्या दिवसापासून मला भीती बसली. तिकडे नवरा, तिकडे कुंकू, न फुटणारी पाटवडी, आणि आता नातवंड. इकडे काय? कोरं कपाळ आणि मी. बाई एक दिवस तिकडेच राहून जाईल, आणि तिला दोष तरी कोणत्या तोंडाने द्यायचा? सासू गेली तर सुटले म्हणणाऱ्या सुना असतील. माझी तर एकुलती एक आई होती.

अक्षय तृतीयेला आमच्याकडे पितरांची घागर भरतात. त्या वर्षी सकाळी मी माळ्यावरची पितळी घागर काढून चिंच लावून घासायला बसले. सासूबाईंना आंदणात आलेली ती घागर. घासता घासता गळ्याखाली कोरलेलं नाव वर आलं. ते सासूबाईंचं नव्हतं. म्हणजे रेशनकार्डावर होतं ते नव्हतं.

“हे कोण वं आई?”

“मीच,” त्या म्हणाल्या. “लग्नात तांदळात दुसरं नाव लिवलं सासऱ्यानं. हे माहेरचं. आता कोणी घेत नाई. घेणारेच गेले सारे.” आणि घागरीत पाणी ओतत म्हणाल्या, “पाह्य ना, जिवंत माणसाची घागर भरून राहिलो आपण. त्याईले सांगतलं तं मारतीन मले.”

पूजा झाली. आमरस, कुरडई, चिंचवणी, सगळा स्वयंपाक पितरांच्या पानावर वाढला. सासूबाई जेवायला बसल्या, पण त्यांनी रसात बोट बुडवलं आणि ताट सारलं. नवऱ्याच्या नावाचं पितरांचं जेवण त्यांच्याने कसं खाववेल? मी फरशी पुसून दिली. निजता निजता म्हणाल्या, “आज जरा उशिरा मार हाक. तिकडचीचे दिवस भरले आहेत.”

मी ‘हो’ म्हटलं. काय म्हणणार?

नवऱ्याला सुट्टी होती, तो बाहेरच्या खोलीत घोरत होता. मी ताटीवर पाणी मारत राहिले. चहाची वेळ झाली, टळली. मग आधण ठेवलं आणि दारात जाऊन हाक मारली, “आई, चहा!”

त्या हलल्या नाहीत. जवळ गेले. कपाळावर कुंकू होतं, त्याच्याखाली हळदीचं बोटही होतं. आणि पदराला ओव्याच्या धुरीचा वास येत होता, बाळंतिणीच्या खोलीत येतो तो. नातवंड झालं होतं. ते त्यांच्या मांडीवर असणार, आणि सगळं घर त्यांना हाका मारत असणार. आई, पाणी. आई, दुपटं. आई, इकडे या.

“आई,” मी पुन्हा म्हटलं. “आई, आई, उठा ना.”

आवाजाने नवरा उठून आला. त्याने खांदा हलवला, गालावर चापट मारली, “आई, आई” करत राहिला. मे महिन्याच्या उन्हात सासूबाईंचे तळपाय गार पडत चालले होते आणि श्वास इतका सावकाश की मधे थांबला असं वाटावं. “लू लागली,” तो म्हणाला. लू या शब्दाने त्या घरातून एक माणूस आधीच नेला होता. तो सायकल काढायला धावला, डॉक्टरला आणतो म्हणाला.

मी तिथेच बसून राहिले, आणि मला एकदम लख्ख कळलं. त्याची हाक उपयोगाची नाही. तिकडेही तोच मुलगा आहे, तोच आवाज, तोही “आई”च म्हणतोय. माझा आवाज तेवढा तिकडे नाही, कारण मी तिकडे नाहीच. पण माझा शब्द तिकडे आहे. तिकडचीही “आई”च म्हणते, जवळून म्हणते, पोटच्या कळांतून उठून म्हणते. त्या गर्दीत फरशीखालून आलेली माझी ‘आई’ त्यांना कुठून ओळखू येणार?

मग राहिलं ते घागरीवरचं नाव.

सुनेने सासूचं नाव घेणं! आमच्याकडे तर सासूच्या नावाची वस्तू घरात असली तरी सून तिला दुसऱ्या शब्दाने बोलवायची. माझं तोंड उघडलं आणि मिटलं. पुन्हा उघडलं. पहिल्यांदा निघालं ते पुटपुटल्यासारखं. मग मी फरशीवर पालथी झाले, तोंड त्यांच्या कानाशी, फरशीशी नेलं, आणि गल्लीतून मैत्रिणीला खेळायला बोलवावं तशी ओरडले. नुसतं नाव. सुकं. मागे बाई नाही, ताई नाही. “अवं, येतं का नाई?” असंही पुढे जोडलं. ते नाव मी इथे लिहीत नाही, ते त्यांचं आहे.

पापणी हलली. मी पुन्हा ओरडले. दारात सायकल घेऊन नवरा उभा, म्हणतोय, “अवं, काय करून राहिली? आईचं नाव घेऊन राहिली तू?” मी त्याच्याकडे न बघता तिसऱ्यांदा ओरडले.

सासूबाईंनी कूस पालटली. उठून बसल्या. इकडे तिकडे पाहिलं, मला पाहिलं, आणि हात उगारला.

“लाज नाई वाटत पोट्टे तुले? सासूचं नाव घेते? तेबी एकेरीत! कोणाच्या घरची वं तू? बापानं हेच शिकवलं का?”

मी त्यांच्या गळ्यात पडले. त्या माझ्या पाठीवर धपाटे घालत होत्या आणि मी त्यांना सोडत नव्हते. असे गोड धपाटे मी जन्मात खाल्ले नाहीत.

त्या गोंधळात टॉवेल राहिला. नवऱ्याने आईचं कपाळ पाहिलं. कुंकू, हळद, दोन्ही. तो सायकलची मूठ धरून तसाच उभा. मग सरकारी कारकुनाने, ज्याला शिक्का लागायचा, हळूच विचारलं, “बाबा... बरे आहेत?”

“बरे आहेत,” सासूबाई म्हणाल्या. “नातू झाला त्याईले.”

त्याने सायकल भिंतीला टेकवली आणि उंबऱ्यावर बसला. आधण आटून भांडं करपलं होतं, मी ते उतरवून दुसरं ठेवलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी नेहमीसारखी ओलं फडकं घेऊन मधली खोली पुसायला गेले. सासूबाईंनी चटई अंथरली होती. तिच्यावर उशी. चटईवर निजून कोणी तिकडे जात नसे.

“फरशी पुसू ना?” मी विचारलं.

“नोको. आता नाई जात मी.”

मला आनंद झाला आणि त्या आनंदाची लाजही वाटली. म्हटलं, “असं नोका करू. तिकडं बाळ आहे. बाबा आहेत. मी मारत जाईन ना हाक, त्याच नावानं मारत जाईन.”

त्या उशी नीट करत राहिल्या. मग म्हणाल्या, “तिकडची मी आहे ना वं त्याईच्यापाशी. ते नातवाले न्हाऊ घालन, त्याईले सुपारी कातरून देईन. तिच्यात अन् माह्यात काई फरक नाई. त्याईचं काई अडत नाई. पण इथची मी उठलीच नाई, तं तुह्यापाशी कोण आहे?”

मी हातातल्या ओल्या फडक्यातच तोंड खुपसून रडले, हमसून हमसून. त्यांनी रडू दिलं. तिकडे कोणीतरी त्या वेळी बाळाला मांडीवर घेऊन बसलं असेल, त्यांच्याच हातांनी, आणि ते त्यांना कधीच दिसणार नव्हतं. हे सगळं कळून त्यांनी चटई अंथरली होती.

मग त्या आडव्या झाल्या आणि म्हणाल्या, “काल घेतलं होतं ते घे बरं एकदा.”

“रागवसाल.”

“रागवीन. पण घे.”

मी दाराकडे पाहिलं, घरात कोणी नव्हतं. मी नाव घेतलं, हळूच, पण पूर्ण. चटईवर पडल्या पडल्या, भिंतीकडे तोंड करून, सासूबाई म्हणाल्या, “ओ.”